बांधाच्या दाव्यात मोजणी आधी व्हावी

महोदय,

बांधावरून भांडण घेऊन कोर्टात येणारा शेतकरी हमखास सातबारा पुढे करतो. सातबाऱ्यावर क्षेत्र असते. बांध कुठून जातो हे गट नकाशात, टिपणात (मूळ मोजणीच्या मापांच्या कच्च्या नोंदीत) आणि जागेवरच्या दगडांत शोधावे लागते. भूमी अभिलेख खात्यात भूकरमापक होतो, साक्षीसाठी पिंजऱ्यातही उभा राहिलो आहे, म्हणून हे लिहितो.

वादी बहुधा आपल्या एकट्याच्या गटाची मोजणी करून आणतो. 'क' प्रतीवर, म्हणजे मोजणीच्या नकाशावर, शेजाऱ्याचे चार-दोन गुंठे अतिक्रमण दिसते आणि दिवाणी दावा उभा राहतो. मोजणीदाराच्या साक्षीची पाळी काही वर्षांनी येते. मग उलटतपासणी सुरू होते. लगतच्या खातेदारांना नोटीस बजावली होती का? प्रतिवादीचा गट मोजला का? मोजणी कोणत्या खुणेवरून धरली? शेवटच्या प्रश्नाला 'वहिवाटीच्या बांधावरून' असे उत्तर गेले की नकाशा निकामी. ज्या बांधाबद्दल वाद, त्याच्यावरूनच मोजायचे कसे? गावशिवेचा जुना, न हललेला दगड शोधायला वेळ लागतो, आणि वेळ कोणालाच नसतो.

वास्तविक दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 26, नियम 9 खाली कोर्ट कमिशनर नेमून दोन्ही गटांची संयुक्त मोजणी मागवता येते. हद्दीच्या वादात ती करून घ्यावी, असे मुंबई उच्च न्यायालयाने एकाहून अधिक निकालांत म्हटले आहे. तरीही 'कमिशन म्हणजे कोर्टाने एका पक्षासाठी पुरावा गोळा करणे' ही हरकत ठरलेलीच. अर्ज मागे पडतो आणि कधी कधी अपिलातून प्रकरण निव्वळ मोजणीसाठी खाली परत येते. दरम्यान नांगर दरवर्षी बांध थोडाथोडा खातच असतो!

माझे म्हणणे एवढेच, की प्रतिवादीची कैफियत (दाव्याला लेखी उत्तर) आली की साक्षीपुराव्याआधीच संयुक्त मोजणीचा आदेश व्हावा. दोन्ही गट मूळ अभिलेखावरून मोजावेत, असे त्या आदेशात स्पष्ट लिहावे. तारीख पीक निघाल्यावरची द्यावी; उभ्या उसात फीतही ताणता येत नाही आणि पलीकडचा माणूसही दिसत नाही. असा नकाशा समोर आल्यावर बरेच जण लोकअदालतीत तडजोडीला तयार होतात. लोकअदालतीचा तो निवाडा कोर्टाच्या हुकूमनाम्यासारखाच बजावता येतो आणि त्यावर अपील नसते. आणि निकाल लागलाच, तर नकाशा हुकूमनाम्याला जोडावा. नाहीतर दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या बजावणीत, बेलीफ जागेवर जातो आणि कुठे उभे राहायचे हेच त्याला कळत नाही.

– एक निवृत्त भूकरमापक