पडद्यावरच्या वाळवंटात ऊन कुठे आहे?

महोदय,

राजस्थानच्या वाळवंटात घडणाऱ्या एका हिंदी प्रेममालिकेचा पहिला भाग परवा आम्ही घरच्यांनी एकत्र पाहिला. पिवळ्या दगडाचा, ११५६ साली उभारलेला जैसलमेरचा किल्ला डोळे निववून गेला. बाकी वेळ ओढणी उडण्यात आणि नायकाने तीनतीनदा वळून पाहण्यात सरला. भर दुपारी जैसलमेरजवळच्या सम गावच्या वाळूच्या टेकड्यांवर अनवाणी धावणाऱ्या नायिकेच्या कपाळावर घामाचा थेंबही नसावा, हे वैशाखात डोक्याला उपरणे गुंडाळून केळीला पाणी देणाऱ्या आम्हा खानदेशी लोकांना कसे पटावे? (‘हिना पाय भाजतस नही का वं?’ असे आईने सुनेला विचारलेच.) वाळवंटातल्या खेजडीच्या झाडाची सावली आणि डोक्यावरचा हंडा पुढच्या भागात तरी दिसावा.

– एक प्रेक्षक, रावेर, जि. जळगाव