पानसरे खटल्याला कालमर्यादा हवी

संपादक महोदय,
कोल्हापुरात १६ फेब्रुवारी २०१५ रोजी कॉम्रेड गोविंद पानसरे आणि त्यांच्या पत्नी उमाताई यांच्यावर गोळ्या झाडण्यात आल्या आणि चारच दिवसांनी पानसरे यांचे निधन झाले. मात्र या प्रकरणातील आरोपनिश्चिती होण्यास २०२३ साल उजाडले. जानेवारी २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तपासावरील देखरेख थांबवताना खटल्याची दैनंदिन सुनावणी घेण्याचे निर्देश दिले आणि त्याच महिन्यात प्रदीर्घ कोठडीच्या कारणावरून सहा आरोपींना जामीनही मंजूर केला. जामिनाबद्दल माझी तक्रार नाही, कारण निकालाविना वर्षानुवर्षे तुरुंगात राहणे कोणाच्याही बाबतीत अन्यायकारकच आहे. चिंता आहे ती साक्षीदारांची: दहा वर्षांपूर्वीचा चेहरा, वेळ, वाहन यांबाबत उलटतपासणीला तोंड देणे दर महिन्यागणिक अवघड होत जाते. साक्षीपुरावा सुरू झाल्यावर सुनावणी दररोज चालावी, असे या खटल्याला लागू असलेल्या जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम ३०९ सांगते आणि जलद खटला हा राज्यघटनेच्या अनुच्छेद २१ मधील (जीविताचा व व्यक्तिस्वातंत्र्याचा) हक्क असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने १९७९ मध्येच स्पष्ट केले आहे. आता उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) कोल्हापुरातच बसत असल्याने राज्य सरकारने तेथे अर्ज करून निकालासाठी निश्चित मुदत मागावी आणि उच्च न्यायालयाने सत्र न्यायालयाकडून दरमहा प्रगती अहवाल मागवावा, ही कळकळीची विनंती.
– एक वाचक, कोल्हापूर