दोडक्याला रोज संध्याकाळी पाणी? जरा थांबा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत परसबागेवर लेख आला होता. उन्हाळ्यात वेलांना रोज संध्याकाळी भरपूर पाणी द्या, पानांवर पण मारा, आणि सकाळी उठून हातानं परागीकरण करा, असं त्यात होतं. ते वाचून आमच्या गल्लीत चार घरांत पाईप सुरू झालाय, म्हणून हे पत्र. लेख लिहिणाऱ्यांवर राग नाही, त्यांच्याकडं तसं जमत असेल. पण आमच्याकडं म्हणजे बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर भागात हे केलं की वेल जातो. मी स्वतः घालवलाय, म्हणून सांगतो.

गेल्या वर्षी परड्यात मांडव घातला, दोडका लावला, एका बाजूला दुधी आणि कडेनं कारलं. एप्रिल आला, वळवाच्या आधीचा तो उकाडा सुरू झाला, अंगाला शर्ट चिकटतोय आणि वारा म्हणून नाही. दुपारी दोनला बघायला गेलो तर दोडक्याची पानं सगळी मान टाकून बसलेली. मला वाटलं पाणी कमी पडतंय, मग रोज संध्याकाळी पाईप लावून मुळाला पण आणि वरून पानांवर पण, अगदी मनापासून. आई म्हणायची, अरे सूर्य उतरला की बघ एकदा. मी कुठं ऐकतोय. पंधरा-वीस दिवसांत पानांवर पिवळे डाग आले, शिरांच्या मधेच अडकलेले, चौकोनी-चौकोनी, आणि पान उलटं करून बघितलं तर खाली राखाडी बुरशी. केवडा रोग. वरची पानं अजून हिरवी होती म्हणून बुंध्याजवळ खुरपं घातलं, तर वरची माती वाळून तडकलेली आणि चार बोटं खाली नुसता चिखल, वास मारतोय, मुळं तपकिरी होऊन हातात निसटून आली.

आता कळतंय ते असं. दुपारी पानं मान टाकतात ती दरवेळी तहानेनं नाही. उन्हात पानातनं पाणी जेवढं उडतं तेवढं मुळाला तेव्हाचं तेव्हा पोचवता येत नाही, जमिनीत पाणी असलं तरी. ऊन उतरलं की पानं आपसूक उभी राहतात. संध्याकाळपर्यंत उभी राहिली नाहीत, सकाळी सुद्धा लोळलेलीच असली तर मग खरी तहान समजा, नाहीतर मुळंच कुजलीत. आणि दमट हवेत माती वाटते तेवढी लवकर वाळत नाही, त्यात खानापूरची माती म्हणजे जिची कौलं आणि माठ होतात ती, पाणी धरून बसली की सोडत नाही. तिला अथणीच्या कोरड्या वाऱ्यातला हिशोब लावून कसं चालेल? जिल्हा एकच, पण एका टोकाला मलप्रभा उगवते ते कणकुंबी आणि दुसऱ्या टोकाला दुष्काळी अथणी. संध्याकाळी भिजलेलं पान रात्रभर ओलं राहतं, केवड्याला अजून काय पाहिजे.

यंदा मी सकाळी पाणी घालतो, ते पण बोट मातीत दुसऱ्या पेरापर्यंत घालून बघितल्यावर, कोरडं लागलं तरच. आळं बुंध्याला चिकटून न करता वीतभर लांब गोल केलंय. बुंध्याशी माती चढवून उंचवटा ठेवलाय, वळीव धो धो आला तरी बुंधा पाण्यात बसत नाही. आळ्यात उसाचा वाळलेला पाला पसरलाय. एका वेलाजवळ जुना, कच्चा, न रंगवलेला माठ गळ्यापर्यंत पुरलाय, त्यात पाणी भरून वर झाकण, ते आपलं आपण पाझरतं. गावाला चार दिवस गेलो तरी काळजी नाही. अर्थात फुलं-फळं लागायच्या वेळी पाणी तोडायचं पण नाही, कधी कोरडं कधी चिखल असं झालं की दोडके वाकडे होतात नाहीतर कोवळेच पिवळे पडून गळतात. आणि पिशवीतला नाहीतर डब्यातला वेल वेगळा, त्याला उन्हाळ्यात रोज बघावंच लागतं.

दुसरी गोष्ट परागीकरणाची, इथं लेखात सरळ चूक आहे. कारलं, काकडी, लाल भोपळा यांची फुलं सकाळी उघडतात, बरोबर. पण दोडका संध्याकाळी पाचच्या पुढं उघडतो, दुधी आणि पडवळ पण संध्याकाळीच. गंमत म्हणजे घोसाळं दोडक्याचं सख्खं भावंड, पण ते पहाटेचं. शेजारच्या काकू रोज सकाळी चहाच्या आधी दोडक्याच्या मिटलेल्या फुलांशी झटापट करत होत्या आणि वर म्हणतात बियाणं खोटं. पहिली फुलं गळतात ती पण बहुतेक नर असतात, मागं छोटा दोडका असला तरच ती मादी. युरिया जास्त झाला तर नुसता पाला आणि नर फुलंच जास्त, मग कितीही पाणी घाला.

एक फळमाशीचं पण सांगतो. दुकानातनं सापळा आणला, त्यात माशी ओढायची गोळी दिली ती आंब्यावरच्या माशीची, मिथाइल युजेनॉल, आणि माझं कारलं आतनं किडतच राहिलं. वेलवर्गाच्या माशीला क्यू ल्यूरची गोळी लागते, विचारून घ्या. किडकी फळं बांधावर टाकू नका, खोल पुरा.

शेती खात्याच्या ऑफिसातनं माहितीपत्रकं येतात ती कन्नडमध्ये, मला वाचता येतात, आईला नाही. बाजारात दोडक्याला हिरेकायी म्हणून दर ठरवणं वेगळं आणि औषधाचं प्रमाण वाचणं वेगळं. कोल्हापूरकडनं मराठीत येतं ते तिकडच्या जमिनीचं. म्हणजे आमच्यासारख्यांना मराठीत सल्ला मिळतो तो तुमच्या पेपरातनंच, तर कुठल्या भागाच्या मातीला आणि हवेला हे लागू आहे एवढं वर लिहायला काय हरकत आहे?

दुरुस्ती छापायला जागा कमी असेल तर निदान दोडक्याच्या फुलाची वेळ तेवढी छापा. पाण्याचं लोक मातीत बोट घालून बघतील.

आपला,
एक जुना वाचक, खानापूर