विषय : सात महिन्यांत गळलेला स्प्रिंगचा नळ आणि नाकारलेली वॉरंटी

प्रति,
व्यवस्थापक, ग्राहक सेवा विभाग

आज सकाळी तुमच्या ग्राहक सेवेला सहावा फोन केला. सातवा करणार नाही, म्हणून लिहिते आहे.

नोव्हेंबरमध्ये तुमच्या पुण्यातल्या शोरूममधून उंच मानेचा, स्प्रिंगचा, खाली ओढता येणारा नळ घेतला. किंमत १८,५०० रुपये, बसवणावळ ६०० रुपये वेगळी. मी आणि माझी जाऊ घरून रोज बारा डबे देतो. दहा लिटरचं पातेलं जुन्या नळाखाली मावत नव्हतं, आडवं धरून घासताना निम्मं पाणी ओट्यावर यायचं. हॉटेलच्या किचनमध्ये असतो तसा नळ मला कामासाठी हवा होता, आणि तुमचं नाव माहेरच्या घरापासून ओळखीचं होतं म्हणून तुमच्याकडे आले.

शोरूममध्ये मला क्रोम हवं की काळं मॅट, एवढंच विचारलं गेलं. मजला कितवा, टाकी कुठे, पाणी बोअरचं की महापालिकेचं, यातलं काहीही नाही. बसवायला आलेल्या तुमच्या माणसानेही विचारलं नाही. मी धायरीत सातव्या मजल्यावर राहते, वर थेट गच्ची. टाकीचा तळ माझ्या नळापेक्षा जेमतेम चार मीटर उंच आहे. दहा मीटर उंचीच्या पाण्याचा दाब साधारण १ बार, म्हणजे मला मिळतो ०.४ बार. तुमच्या माहितीपत्रकात शेवटच्या पानावर बारीक अक्षरांत लिहिलंय की या नळाला किमान १ बार लागतो. आमच्याच इमारतीत पहिल्या मजल्यावर हा नळ उत्तम चालला असता. माझ्याकडे दहा लिटरची बादली भरायला चार मिनिटं लागत होती. जुन्या साध्या नळाला दीड मिनिट लागायचं.

तक्रार केल्यावर तुमच्या पहिल्या तंत्रज्ञाने प्रेशर पंप लावायला सांगितलं. लावला. ७,८०० रुपये. फोर्स आला, हे मान्य करते.

जूनमध्ये सिंकखालच्या कपाटाचं प्लायवूड फुगलेलं दिसलं. मी टॉर्च घेऊन खाली वाकून पाहिलं तेव्हा दोन गोष्टी कळल्या. स्प्रिंगच्या आतला होज, म्हणजे पाण्याची लवचीक नळी, एका वेटोळ्याला घासून चिरला होता आणि त्यातून बारीक धार निघून नळाच्या अंगावरून खाली उतरत होती. शिवाय नळाचं बूड हलत होतं, त्यामुळे खालचा रबरी वायसर नीट बसलेला नव्हता आणि ते सगळं पाणी भोकातून कपाटात जात होतं. इतका उंच, जड नळ स्टीलच्या सिंकच्या पातळ पत्र्यावर बसवायचा तर पत्र्याखालून आधाराची तिकोनी पट्टी लावावी लागते. ती पट्टी मला तुमच्याच बॉक्समध्ये, प्लास्टिकच्या पिशवीत, न उघडलेली सापडली. फोटो सोबत जोडला आहे. सात महिने तो नळ पट्टीशिवाय डुगडुगत होता आणि तुमच्या माणसाने काम चोख झाल्याच्या कागदावर माझी सही घेतली होती.

दुसरा तंत्रज्ञ आला. त्याने फवाऱ्याच्या तोंडावरचा पांढरा थर नखाने खरवडला, ‘क्षार’ असं लिहिलं आणि वॉरंटी नाकारली. जाताजाता म्हणाला, पंपामुळे होज फाटला असेल. पंप तुमच्याच माणसाने लावायला सांगितला होता, आणि त्याचा दाब १.२ बार आहे. तुमचं पत्रक ५ बारपर्यंत चालेल म्हणतं.

आता आजचा फोन. मी सांगितलं की होज चिरला आहे आणि बूड हलतंय. पलीकडचा मुलगा म्हणाला, “मॅम, हा टेक्निकल इश्यू आहे. घरात सर आहेत का? त्यांना फोन द्या ना.” मी म्हटलं, नळ मी घेतला, बिल माझ्या नावावर आहे, माझ्याशी बोला. तो म्हणाला, “नाही मॅम, सरांना एक्सप्लेन करतो, मग ते तुम्हाला सांगतील.” माझे यजमान तीन वर्षांपूर्वी गेले. हे मला एका नळासाठी, एका परक्या मुलाला सांगावं लागलं. तो दोन क्षण गप्प राहिला आणि मग म्हणाला, “ओके मॅम. मग मुलगा वगैरे असेल?”

मी सत्तावीस वर्षं शाळेत विज्ञान शिकवलं आहे. द्रवाचा दाब फळ्यावर आकृती काढून किती वर्गांना समजावला त्याची गणती नाही. त्या मुलाचा राग मी त्याच्यावर काढला नाही, कारण त्याच्यासमोर तुम्ही लिहून दिलेला कागद असणार. त्याने शेवटी तेच वाचलं : “तुमच्याकडचं पाणी खराब आहे, कंपनी काही करू शकत नाही.”

माझं पाणी खराब नाही. खडकवासला धरण जवळ असूनही उन्हाळ्यात आमच्या सोसायटीत टँकर येतो आणि बोअरही चालतं, हे खरं. सोसायटीच्या तपासणीत पाण्याचा कठीणपणा, म्हणजे थर धरणाऱ्या क्षारांचं प्रमाण, लिटरला ४८० मिलिग्रॅम आला. पिण्याच्या पाण्याच्या आयएस १०५०० या भारतीय मानकात २०० ही इष्ट मर्यादा आणि दुसरा स्रोत नसेल तर ६०० पर्यंत चालतं. पुण्यात असं पाणी हजारो घरांत येतं आणि तुम्ही पुण्यात दुकान मांडून बसला आहात. मी दर रविवारी फवाऱ्याचं तोंड निम्मं व्हिनेगर, निम्मं पाणी घेऊन अर्धा तास बुडवते, रबरी छिद्रं अंगठ्याने चोळते. ॲसिड कधी लावलेलं नाही. आणि क्षार तोंडाशी साचतात; होज चिरलाय तो स्प्रिंगच्या मधोमध, बाहेरून घासून. विकताना माझं पाणी कोणी विचारलं नाही, मजला विचारला नाही. वॉरंटी मागितल्यावर मात्र तुम्हाला माझं पाणीच दिसलं.

मला नवा होज आणि आधारपट्टीसह नीट बसवून दिलेला नळ हवा, किंवा १९,१०० रुपये परत हवेत. कपाटाच्या दुरुस्तीचे ४,२०० रुपये दोन्ही परिस्थितीत हवेत. सुताराची पावती जोडली आहे. पंधरा दिवसांत लेखी उत्तर आलं नाही तर ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ खाली जिल्हा आयोगाकडे तक्रार दाखल करीन. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तिथे शुल्क लागत नाही आणि वकीलही सक्तीचा नाही. ग्राहक पंचायतीची चळवळ बिंदुमाधव जोशींनी १९७४ साली याच शहरात सुरू केली. माझ्याकडे प्रत्येक पावती आहे, प्रत्येक फोनची तारीख आणि वेळ वहीत लिहिलेली आहे.

त्या मुलाने जे विचारलं त्याबद्दल मला माफीही हवी, लेखी, आणि ती त्याच्याकडून नको, तुमच्याकडून हवी.

माणूस पाठवणार असाल तर दुपारी एकनंतर पाठवा. त्याआधी डबे असतात.

तुमची ग्राहक,
धायरी, पुणे

सोबत : बिलाची प्रत, आधारपट्टीचा व चिरलेल्या होजचा फोटो, पाणी तपासणीचा अहवाल, सुताराची पावती