झाडांना धूमकेतूची गरज नाही

रविवारच्या पुरवणीतील विज्ञानकथा वाचली. धूमकेतू पृथ्वीजवळून जातो आणि नागपुरातली झाडे एका रात्रीपुरती सचेतन होतात, ही कल्पना मनाला भिडली. सेमिनरी हिल्सवरचा प्रसंग तर सुरेखच. शेवट मात्र पटला नाही. झाडे बोलली, म्हणून माणसे कुऱ्हाड खाली ठेवतात. म्हणजे ज्याला जाणीव आहे त्यालाच जगू द्यायचे, असा अर्थ निघतो.

झाडाला मेंदू नसतो, मज्जासंस्था नसते. तरी ते प्रतिसाद देते, हे जगदीशचंद्र बोस यांनी १९०१ मध्ये लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये प्रयोगाने दाखवले होते. आणि तेवढेही नसते, तरी काय बिघडले असते? राज्याचा वृक्षसंरक्षण कायदा १९७५चा आहे. २०२१च्या दुरुस्तीने ५० वर्षे वा त्याहून जुन्या झाडांना 'हेरिटेज वृक्ष' मानले. तिथे झाडाचे वय पाहिले जाते, जाणीव नव्हे. हेच मला योग्य वाटते.

धरमपेठेत आमच्या गल्लीतल्या कडुनिंबाच्या बुंध्याला भिडवून गट्टू बसवले आहेत. बोटभरही माती उघडी नाही. जाहिरातीची पाटी कधीच गेली, पण तिचा खिळा सालीने अर्धा गिळला आहे. मुळांना हवा आणि पाणी मिळावे, यासाठी झाडाने बोलायची वाट का पाहायची? शहरातल्या अशा झाडांभोवतीची मीटरभर जागा मोकळी करण्याचे आणि खिळे उपटण्याचे काम पावसाळ्यापूर्वी व्हायला हवे.

– एक वाचक, धरमपेठ, नागपूर