आधी कामगार कुणाचा ते ठरवा

संपादक साहेब, नमस्कार,

कंत्राटी कामगारांच्या केसची बातमी पेपरात आली की मालक जिंकला का युनियन जिंकली एवढंच कळतं. मी युनियनच्या केसेसची कागदपत्रं लावून द्यायचं काम करतो, मला रोज दिसतं ते असं की पगार, बोनस, परमनंट करणं हे मुद्दे कोर्टापुढे यायच्या आधीच वर्षानुवर्षं एकाच प्रश्नावर जातात, हा माणूस कंपनीचा का ठेकेदाराचा.

एक केस सांगतो. माणसाचे सगळे गेटपास टेबलावर मांडले तर ठेकेदाराचं नाव दर थोड्या दिवसांनी बदललेलं, पण मशीन तेच, शिफ्ट तीच आणि रजेच्या अर्जावर सही कंपनीच्या सुपरवायझरची. ठेकेदार बदलला की हजेरी परत पहिल्या दिवसापासून, मग परमनंटच्या दाव्यासाठी लागणारे वर्षातले २४० दिवस भरले म्हणून सांगायला गेलं की समोरचा वकील विचारतो, कुणाकडे भरले?

महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्यात कामगाराला वर्षानुवर्षं बदली (दुसऱ्याच्या जागी घेतलेला) किंवा टेंपररी ठेवून परमनंटचे हक्क न देणं ही अनुचित प्रथा धरलीय, तक्रार ९० दिवसांत करायची आणि कोर्टानं शक्यतो ६ महिन्यांत निर्णय द्यायचा हेही त्यात लिहिलंय. पण २००१ मध्ये सिप्ला या औषध कंपनीच्या केसमध्ये सुप्रीम कोर्ट म्हणालं की मालक-कामगार हे नातंच वादात असेल तर या कायद्याखाली तक्रार चालणार नाही, ते आधी (तेव्हाच्या) औद्योगिक विवाद कायद्याखाली ठरवून घ्या. झालं, मालकाच्या वकिलानं पहिल्याच जबाबात "हे आमचे कामगार नाहीत" एवढं लिहिलं की ६ महिन्यांचा रस्ता बंद, मग लेबर ऑफिसात समेटाच्या तारखा, जुन्या कायद्यात तिथून रेफरन्स (सरकारनं वाद कोर्टाकडे पाठवणं), मग कोर्ट, वर हायकोर्टात रिट, आणि तोवर माणूस रिटायर व्हायला आलेला असतो.

त्याच वर्षी सेल (स्टील अथॉरिटी ऑफ इंडिया) या सरकारी पोलाद कंपनीच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायाधीशांनी १९९६ चा एअर इंडियाचा निकाल फिरवला. आधी सरकारनं एखाद्या कामात कंत्राटी पद्धत बंद केली की कामगार आपोआप कंपनीचा व्हायचा, ते गेलं. आता कंत्राट नुसतं दाखवायला केलंय हे सिद्ध झालं तरच तो कंपनीचा. बरं, सिद्ध करायचं कामगारानं आणि ठेकेदाराशी केलेला करार, हजेरीपट, शिफ्टचे चार्ट सगळं मालकाच्या कपाटात! ते मागायला वेगळा अर्ज, त्यावर पुन्हा तारखा.

मालकांची अडचण मला कळते. ऑर्डर कमीजास्त होते, सीझनपुरती माणसं लागतात, ती सरळ मार्गानं घेता आली पाहिजेत. आणि आमच्याच यादीतली माणसं घ्या म्हणून अडून बसणाऱ्या युनियनही आहेत, ते मला अजिबात पटत नाही, कुणाला घ्यायचं ते मालकानंच ठरवावं. पण घेतल्यावर, राबवून घेतल्यावर हा आमचा नाहीच म्हणायचं हे कुठल्या हिशोबात बसतं?

कामगारांची सुरक्षा, आरोग्य आणि कामाच्या परिस्थितीबद्दलच्या २०२० च्या नव्या संहितेत मुख्य कामावर कंत्राटी कामगार नको असं आहे खरं, पण त्याला अपवाद बरेच, शिवाय १९७० चा केंद्राचा कंत्राटी कामगार कायदा मुळात २० कंत्राटी कामगारांपासून लागू व्हायचा, तो आकडा संहितेत ५० केलाय. म्हणजे मला दिसतंय ते असं की मुख्य काम कुठलं यावरच पुढची भांडणं लागणार आणि पुन्हा तारखा.

म्हणून सरकारकडे मागणी आहे की नात्याचा मुद्दा तक्रार आली त्याच कोर्टात पहिल्यांदा आणि ठरलेल्या मुदतीत निकाली काढायची तरतूद करा. कंपनीनं करार आणि हजेरीपट पहिल्या तारखेलाच हजर करायचे, नाही केले तर कामगाराचं म्हणणं खरं धरायचं. आणि निकाल लागेपर्यंत मधे ठेकेदार बदलला तरी त्या माणसाचा गेटपास बंद करायचा नाही.

आपला,
एक वाचक