सायंकाळच्या विवाहापूर्वीची सकाळ : वधू-वर व कुटुंबीयांसाठी सूचना

सर्व सभासदांस नमस्कार.

गोव्यात येऊन गोरज मुहूर्तावर किनाऱ्यालगत विवाह करणाऱ्या कुटुंबांची सकाळ बहुधा हिशेब आणि फोन यांतच जाते. म्हणून वधू-वरांना त्या वेळेत कोणतेही काम सांगू नये, अशी विनंती आहे. देवदर्शन करायचे असल्यास फोंडा तालुक्यातील मंगेशी किंवा कवळ्याची शांतादुर्गा येथे सकाळी लवकर जाऊन यावे, कारण उशिरा निघाल्यास परतीच्या वाटेवर ऊन आणि वाहनांची गर्दी दोन्ही भेटतात. उत्तर टोकाच्या किंवा दक्षिण टोकाकडील काणकोणच्या किनाऱ्यावर उतरलेल्यांनी मात्र हा फेरा टाळलेलाच बरा.

दोघांना एकत्र चालायला जायचे असेल तर सूर्योदयानंतरचा तासभर उत्तम. परंतु त्या दिवशी समुद्रात पोहू नये, आणि जीवरक्षकांनी लाल बावटा लावला असेल तर पाण्यात पाऊलही टाकू नये. खारे पाणी व ऊन यांनी रापलेला चेहरा सायंकाळी झाकताना किती त्रास होतो, हे रंगभूषा करणाऱ्यांना विचारावे. उपवास असल्यास शहाळ्याचे पाणी, फळे घ्यावीत. नसल्यास पातळ भाजी-पाव पुरेसा आहे, झणझणीत मासळी दुसऱ्या दिवसासाठी ठेवावी.

दुपारी किमान दीड तास विश्रांती घ्यावी व त्या काळात दोघांचेही भ्रमणध्वनी घरातील एका जबाबदार व्यक्तीकडे सोपवावेत.

— कार्यवाह